लेन लायची रेघ

लेन लायबद्दल बोलताना फिल्म आणि हलती शिल्पं असे दोन कप्पे केले जातात. ते मला पटत नाही. १९०१ साली न्यूझीलंडमध्ये जन्मलेल्या या माणसाला शेवटपर्यंत एकाच गोष्टीचा ध्यास होता: हालचाल.

१९३५ साली त्याने ब्रिटिश टपाल खात्याच्या फिल्म युनिटसाठी ‘अ कलर बॉक्स’ केली. कॅमेरा नाहीच, पारदर्शक पट्टीवर थेट रंग. पार्सलच्या दरांची जाहिरात येते ती शेवटी.

पण त्याचा हात खरा कळतो ‘फ्री रॅडिकल्स’मध्ये (१९५८). १६ मिमीचा काळा लीडर, म्हणजे चित्र नसलेली काळी फिल्मपट्टी, घ्यायचा आणि त्यावर ओरखडे काढायचे. सुया, करवतीचे दात, दंतवैद्याची हत्यारं, हाताला लागेल ते. ऐकायला सोपं वाटतं, करायला बसलं की घाम फुटतो.

आधी इमल्शनची, म्हणजे पट्टीवरच्या काळ्या थराची बाजू ओळखा. पट्टीचं टोक ओलसर ओठांना लावा, जी बाजू चिकटते ती इमल्शनची. ओरखडा तिथेच. लीडरवर चित्रांच्या चौकटी दिसत नाहीत, म्हणून कडेची छिद्रं मोजायची: लागोपाठच्या दोन छिद्रांमधली जागा म्हणजे एक फ्रेम. फुटात ४० फ्रेम, सेकंदाला २४. मिनिटभरासाठी ३६ फूट, म्हणजे १,४४० फ्रेम.

फ्रेमची उंची जेमतेम साडेसात मिलिमीटर. एका फ्रेममध्ये रेघ मिलिमीटरभर सरकली, तर दोन मीटर उंचीच्या पडद्यावर ती पंचवीस सेंटिमीटरच्या वर उडी मारते. आकृती पूर्ण स्थिर ठेवणं हाताला जमतच नाही. लायने ती थरथर लपवली नाही, तिलाच नाच केलं, आणि म्हणून त्या रेघा जिवंत वाटतात. पट्टीच्या लांबीला धरून सलग रेघ ओढली तर फ्रेमची फिकीर नको, ती पडद्यावर वाहत राहते.

बिघडतं ते दाबामुळे. हात हलका पडला तर रेघ मळकट, जड पडला तर हत्यार बेसमध्ये, म्हणजे थराखालच्या पारदर्शक पट्टीत घुसतं आणि कडा उचलल्या जातात. छिद्रांजवळ चिरलं तर पट्टी प्रोजेक्टरमध्ये फाटते. निघालेला किस मऊ ब्रशने झटकाच, नाहीतर तो प्रोजेक्टरच्या गेटमध्ये, म्हणजे फ्रेमवर प्रकाश पडतो त्या खिडकीत, अडकून पडद्यावर काळा ठिपका नाचत राहतो. मूळ पट्टी कधीही चालवू नका, आधी प्रिंट किंवा स्कॅन. ध्वनीसह प्रिंट काढायची असेल तर १६ मिमीवर ऑप्टिकल ध्वनी (पट्टीच्या कडेला छापलेला) चित्राच्या २६ फ्रेम पुढे असतो, हे विसरलं की ठेका चुकलाच.

१९५८ नंतर पैसे मिळेनात म्हणून त्याने फिल्म जवळपास सोडली आणि स्टीलच्या पट्ट्या मोटरवर थरथरवायला घेतल्या. वेगात फिरणारी सळई डोळ्याला आकार म्हणून दिसते, अगदी त्या ओरखड्यासारखी. इथेही अडचण दाबाचीच: सतत वाकून स्टील थकतं आणि तडकतं. मनातल्या मापाची शिल्पं उभारायला तेव्हाचं तंत्र आणि त्याचा खिसा, दोन्ही अपुरे होते. १९८० मध्ये तो गेला. न्यूझीलंडमधल्या न्यू प्लायमथच्या किनाऱ्यावर वाऱ्यात झुलणारी त्याची ४५ मीटरची ‘विंड वाँड’ त्यानंतर उभी राहिली.