दाणा ओला आहे

मागच्या जुलैतली गोष्ट. भोसरीतल्या आमच्या प्लास्टिक मोल्डिंग शॉपमध्ये नायलॉनच्या क्लिपांवर चंदेरी रेघा उमटायला लागल्या. रिजेक्शनचे क्रेट भरत चालले. मी क्वालिटीत. प्रेशर, तापमान, सायकल टाइम, सगळं लॅपटॉपवर तपासलं, सगळं ओके. नायलॉनचा कच्चा दाणा वितळवण्याआधी ड्रायरमध्ये सुकवतात, त्याची नोंदही नेहमीची: ८० अंश, ४ तास.

मशीनवरचे काका म्हणाले, "मॅडम, जरा इकडं या." त्यांनी नोझल मागे घेऊन थोडा माल बाहेर सोडला. वितळलेला नायलॉन गुळगुळीत पडायला हवा. हा फेसाळत, चुरचुरत पडला. "ऐकलंत? दाणा ओला आहे."

आमचा ड्रायर साध्या गरम हवेचा. बाहेरचीच हवा तापवून आत सोडतो, आणि पावसाळ्यात ती हवाच दमट. नायलॉन तर पाणी ओढून घेणाराच. ४ तासांचा हिशेब उन्हाळ्यातला होता! काका पावसाळ्यात दोन तास जास्त ठेवायचे, दरवर्षी, कुणाला न सांगता. त्याआधीचे काही दिवस ते रजेवर होते, म्हणून शीटवर होतं तेवढंच झालं.

'नॉलेज वर्कर', म्हणजे ज्ञानाच्या जोरावर काम करणारा, म्हटलं की आपल्या डोळ्यांपुढे हिंजवडी येते. हा शब्द रुजवणाऱ्या व्यवस्थापनतज्ज्ञ पीटर ड्रकर यांनी १९५९ सालीच त्याबद्दल लिहिलं होतं. पुढे त्यांनी हात आणि ज्ञान दोन्ही वापरणाऱ्यांना 'टेक्नॉलॉजिस्ट' म्हटलं, सर्जनलासुद्धा त्यांच्यात धरलं. अशा माणसाला आधी विचारा, तुझं काम नेमकं काय आहे, हा त्यांचा आग्रह.

काकांना २२ वर्षांत हे कुणी विचारलं नाही. मीही नाही. त्यांच्या अप्रेझलच्या फॉर्मवर दोनच रकाने आहेत, हजेरी आणि नग. मला याचा मनापासून राग येतो. जे डोक्यात आहे त्याला रकानाच नाही, आणि माणूस ऑक्टोबरात रिटायर होतोय.

आता दर शनिवारी दोन तास मी आणि दोन ट्रेनी त्यांच्याजवळ बसतो. हे तास डाउनटाइममध्ये, म्हणजे काम बंद असलेल्या वेळात नाही, ट्रेनिंगमध्ये धरा, असा मेल मी वर पाठवलाय. उत्तर यायचंय. गेल्या शनिवारी फक्त आवाज ऐकले, आधी ओल्या दाण्याचा, मग सुक्याचा. एका ट्रेनीला तिसऱ्या प्रयत्नात फरक ओळखू आला.