झाड विकत मिळते, मग पतंग दुर्मीळ कसा?

शिकागोच्या नैर्ऋत्येला उरलेल्या प्रेअरीच्या, म्हणजे इथल्या मूळ गवताळ माळाच्या, तुकड्यांवर मी सवडीने काम करते, हे कळले की ओळखीचे मराठी लोक हटकून एकच शंका काढतात. ज्या पतंगाची तुम्हांला एवढी काळजी, त्याच्या अळीचे खाद्य असलेले झाड तर इथल्या रोपवाटिकांत विकायला असते. ते प्रत्येकाने आपल्या अंगणात लावले की झाले, मग हा पतंग दुर्मीळ राहतोच कसा? शंका रास्त आहे, पण दारात उभ्याउभ्या तिचे उत्तर देता येत नाही. तुम्ही विचारलेत म्हणून सविस्तर लिहिते आहे.

पतंगाचे शास्त्रीय नाव पॅपायपेमा एरिंजी. न्यूयॉर्क राज्यातल्या राय गावचे हेन्री बर्ड यांनी १९१७ साली त्याचे नामकरण केले. पॅपायपेमा वंशातले पतंग बहुतेक सगळे उत्तर अमेरिकेतलेच, आणि त्यांच्या अळ्या खोडात किंवा मुळात शिरून आतल्या आत खातात. त्यांतल्या कित्येक जातींचे पोट एखाद्याच वनस्पतीवर चालते. आपल्या शेतकऱ्याच्या भाषेत सांगायचे तर हा खोडकिडाच. ज्यांचा जन्म भातावरचा आणि उसावरचा खोडकिडा मारण्यात गेला, त्या माझ्या मामांना खोडकिडा वाचवण्यासाठी माणसे सुट्टीचा दिवस घालवतात हे ऐकून माझ्या डोक्यावर परिणाम झाला असावा असे वाटले होते.

ज्या झाडावर हा पतंग जगतो त्याला इथे रॅटलस्नेक मास्टर म्हणतात. सापाच्या विषावर ते चालते अशी जुनी समजूत होती, तिला आधार नाही. लांब, ताठ, कडांना काटे असलेल्या पानांमुळे ते लांबून घायपातासारखे दिसते. प्रत्यक्षात मात्र ते कोथिंबीर, ओवा, बडीशेप यांच्या कुळातले आहे. उन्हाळ्यात कमरेएवढ्या किंवा त्याहून उंच दांड्यावर पांढरट हिरवे, गोल, टोचरे गोंडे येतात आणि त्यांवर माश्या, गांधीलमाश्या, भुंगेरे यांची झुंबड उडते. पानांचा धागा चिवट असतो. मिसूरीतल्या आर्नल्ड रिसर्च केव्ह या गुहेत हजारो वर्षांपूर्वीची विणलेली पादत्राणे सापडली, त्यांतली बरीचशी याच झाडाच्या पानांची आहेत.

पतंग सप्टेंबरच्या मध्यापासून ऑक्टोबरच्या मध्यापर्यंत, तोही रात्री उडतो. जांभळट तपकिरी पंख आणि त्यांवर पांढरे ठिपके, असा तो देखणा आहे, पण त्याला जिवंत पाहिलेली माणसे मोजकीच. मादी झाडाजवळच्या वाळल्या काटक्याकुटक्यांत अंडी घालते आणि ती अंडी सगळा हिवाळा तिथेच पडून असतात. मेच्या उत्तरार्धात अळी बाहेर पडते, झाडात शिरते आणि पोखरत पोखरत मुळाच्या गड्ड्यापर्यंत उतरते. अशा झाडाला त्या वर्षी बहुधा फूल धरत नाही. उन्हाळ्याच्या अखेरीस अळी जमिनीत कोष करते आणि शरदात पुन्हा पतंग होते. वर्षाला एकच पिढी.

आम्ही शोधतो तो पतंग नव्हे, अळीची खूण. जुलैत गुडघे टेकून झाडाच्या बुडाची पाने हाताने बाजूला करावी लागतात. काटे हातमोज्यातूनही लागतात. अळी आत असेल तर खोडाच्या बुंध्याशी एक बारीक भोक असते आणि त्याच्या तोंडाशी ओलसर, तपकिरी भुशाची लहानशी रास पडलेली असते, अगदी उसाच्या कांडीवर दिसते तशीच. झाड उपटायचे नाही, चिरायचे नाही, भुसा पाहून नोंद करायची आणि पान होते तसे सोडून पुढे सरकायचे. फूल न आलेले झाड दिसले की आशा वाटावी, अशी ही उलटी बागकामाची रीत आहे.

आता तुमच्या प्रश्नाकडे येते. इलिनॉय राज्यात एके काळी सुमारे २ कोटी २० लाख एकर प्रेअरी होती. १८३७ साली याच राज्यात, ग्रँड डिटूर गावी, जॉन डीअर या लोहाराने पोलादी नांगर घडवला आणि चिकट काळी माती उलथणे सोपे झाले. पुढे १९७० च्या दशकात राज्यभर पाहणी झाली तेव्हा चांगल्या स्थितीतली प्रेअरी अडीच हजार एकरांच्या आसपास निघाली, तीही जुन्या दफनभूमींत, रेल्वेमार्गाच्या कडेला आणि नांगराला न जुमानणाऱ्या खडकाळ जमिनीवर. रॅटलस्नेक मास्टरचे बी गोळा करून पेरता येते, म्हणून झाड तगले. पतंगाचे बी नसते. त्याला पिढ्यानपिढ्या एकाच जागी ही झाडे मोठ्या संख्येने लागतात. अंगणातली चार झाडे म्हणजे चार अळ्यांचे जेवण, आणि त्या चौघींना नेमके त्याच झाडांपर्यंत आणणारी मादी कुठून येणार? शेजारी मैलोगणती मका आणि सोयाबीन आहे.

यापेक्षाही अवघड गाठ आगीची आहे. प्रेअरी अधूनमधून जळली नाही तर झुडपे आणि झाडे माजतात, सावली वाढते आणि रॅटलस्नेक मास्टर मरते. पूर्वी पोटावाटोमी आणि इतर मूळ रहिवासी गवत पेटवत आणि विजाही पडत. आज ते काम प्रशिक्षित माणसे वाऱ्याचा अंदाज घेऊन, पाण्याच्या टाक्या पाठीवर बांधून करतात. आपल्याकडच्या डोंगरावरचा वणवा पाहिलेल्या पाहुण्यांना हे पाहून धडकी भरते. पण आग लावायची ती पानगळीनंतर किंवा वसंताच्या तोंडावर, आणि नेमक्या त्याच दिवसांत पतंगाची अंडी वाळल्या गवतात असतात. झाडाला जी आग हवी तीच पतंगाचा निर्वंश करू शकते. लाखो एकर सलग प्रेअरी होती तेव्हा एक भाग जळला तरी दुसरा शिल्लक राही, आणि तिथले पतंग पुढल्या शरदात परत येत. वीस एकरांचा तुकडा एका दुपारी जळाला तर परत यायला कोणी उरत नाही. २०१३ साली अमेरिकेच्या मत्स्य व वन्यजीव सेवेने हा पतंग संरक्षणाला पात्र ठरवून प्रतीक्षायादीत टाकला, तेव्हा धोक्यांत आगीचाही उल्लेख होता. संग्राहकांचाही होता, म्हणूनच मी कुठे काम करते ते विचारले तर मी जिल्ह्याचे नावही सांगत नाही, आणि त्याचा कुणी राग मानू नये.

यावर तोडगा एकच, तुकड्याचे भाग पाडून ते आळीपाळीने जाळायचे आणि झाडांचा दाट भाग दर वर्षी थोडा तरी न जाळता ठेवायचा. ऐकायला हे सोपे वाटते, पण माणसे थोडी, जाळण्याजोगे कोरडे आणि शांत वाऱ्याचे दिवस त्याहून थोडे, त्यामुळे दिवस सापडला की सगळे एकदमच उरकून टाकावे असा मोह होतो. या बाबतीत मी बैठकीत भांडखोर म्हणून प्रसिद्ध आहे. अर्धा भाग राखायचा नसेल तर त्या वर्षी काडीच लावू नये, असे माझे मत आहे आणि ते सर्वांना पटलेले नाही.

अंगणात रॅटलस्नेक मास्टर लावायचे असेल तर जरूर लावा, फक्त स्थानिक बियांपासून केलेले रोप घ्या. गोंड्यांवर माश्या येतील, भुंगेरे येतील. पतंगासाठी मात्र दुसरे एक काम आहे: मार्चमध्ये एखादा शनिवार मोकळा ठेवा, आग सुरू होण्याआधी राखायच्या भागाभोवतीचे गवत कापून पट्टा मोकळा करायला आम्हांला नेहमी माणसे कमी पडतात.