थ्री सीरिजची अलॉय बदलताना: आधी हब, मग खड्डे, डिझाइन शेवटी

अलॉय चाकाला भेग बहुतेक वेळा रिमच्या, म्हणजे टायर ज्यावर चढतो त्या धातूच्या कड्याच्या, आतल्या कडेला पडते, गाडीखाली वाकल्याशिवाय दिसत नाही अशा जागी. बाहेरून चाक चकाचक असतं, फक्त दर चार दिवसांनी त्या टायरची हवा उतरते. पंक्चरवाला टायर पाण्यात बुडवतो, पंक्चर नाही म्हणतो, व्हॉल्व्ह बदलून देतो. आठवड्याने पुन्हा तेच. मग कधीतरी कोणीतरी चाक उलटं करून बघतो आणि बोटभर चीर सापडते.

बीएमडब्ल्यू थ्री सीरिजची एफ३० पिढी आपल्याकडे २०१२ मध्ये आली आणि २०१९ मध्ये पुढची पिढी जी२० आल्यावर गेली. आज या गाड्या दुसऱ्या-तिसऱ्या मालकाकडे आहेत आणि मूळ चाकांनी आपल्या रस्त्यांचे बरेच पावसाळे पाहिलेत. त्यामुळे 'कुठली अलॉय घेऊ' हा प्रश्न याच गाडीबद्दल जास्त निघतो. खालचे आकडे एफ३०चे आहेत. हिशेबाची पद्धत मात्र सी-क्लास, ए-फोर, सुपर्ब कशालाही चालते.

पहिला आकडा पीसीडी, म्हणजे बोल्टांच्या वर्तुळाचा व्यास. एफ३०चा ५×१२०, म्हणजे पाच बोल्ट १२० मिमीच्या वर्तुळावर. जी२०ला कंपनीने तो बदलून ५×११२ केला. म्हणून 'नव्या थ्री सीरिजची आहेत, तुमच्या गाडीला बसतीलच' असं दुकानदार म्हणाला तर तिथेच थांबायचं, बसणार नाहीत. मधे ॲडॉप्टर टाकून बसवतात खरी, पण ॲडॉप्टरची जाडी चाकाला तितकंच बाहेर ढकलते, आणि चार चाकांवर आणखी वीस बोल्ट वाढतात, जे चाक काढल्याशिवाय दिसत नाहीत. रोजच्या गाडीला हा उद्योग करू नये.

दुसरा आकडा मधल्या भोकाचा, सेंटर बोअरचा. हब म्हणजे गाडीचा तो गोल भाग ज्यावर चाक बसतं. एफ३०चा हब ७२.६ मिमी. फसगत सर्वात जास्त इथे होते, कारण बीएमडब्ल्यूच्याच जुन्या एक्स५ची चाकंसुद्धा ५×१२० आहेत. बोल्ट लागतात, चाक बसल्यासारखं वाटतं, पण त्यांचं भोक ७४.१. दीड मिलिमीटरचा फरक, म्हणजे चाक केंद्रापासून पाऊण मिलिमीटर सरकलेलं राहू शकतं. तेवढ्याने ऐंशी-शंभरच्या वेगाला स्टिअरिंग थरथरायला लागतं. मालक तीनदा बॅलन्सिंग करतो, अलाइनमेंट करतो, शेवटी टायर बदलतो. दोष कशातच नसतो. ७४.१–७२.६ची हब रिंग, म्हणजे भोक आणि हब यांच्यातली फट भरणारी कडी, चारही चाकांना बसवली की थरथर जाते. रिंग ॲल्युमिनियमची घ्यावी, प्लॅस्टिकची ब्रेकच्या उष्णतेने मऊ पडून पुढच्या वेळी तुकड्यांत निघते. भोक मोठं असेल तर रिंग हा उपाय आहे. लहान असेल तर लेथवर कातून मोठं करणारे भेटतात, पण तसं चाक न घेतलेलंच बरं.

आता ऑफसेट, ज्याला ईटी म्हणतात. चाकाच्या रुंदीचा मध्य आणि हबला टेकणारी सपाटी यांतलं अंतर, मिलिमीटरमध्ये. हा आकडा एकटा काही सांगत नाही, रुंदीबरोबरच वाचावा लागतो. एफ३०च्या मूळ १८ इंची पुढच्या चाकावर ८ जे, ३४ असं असतं, म्हणजे रुंदी ८ इंच आणि ऑफसेट ३४. ८ इंच म्हणजे २०३.२ मिमी, निम्मे १०१.६. त्यात ३४ मिळवले तर हबच्या सपाटीपासून आतली कड १३५.६ मिमीवर, आणि वजा केले तर बाहेरची ६७.६वर. दुकानात हमखास मिळणारं चाक ८.५ जे, ईटी ३५ असतं. त्याचे निम्मे १०७.९५. आतली कड १४२.९५, बाहेरची ७२.९५. म्हणजे एक आकडा ३४चा ३५ झाला, पण चाक आत ७ मिमी आणि बाहेर ५ मिमी सरकलं. हे चालून जातं, फक्त स्टिअरिंग दोन्ही बाजूंना पूर्ण वळवून टायर आणि शॉकॲब्सॉर्बर यांच्यात बोट जाईल इतकी जागा आहे ना ते पाहावं. तेच ८.५ जे ईटी २० घेतलं तर बाहेरची कड ८८वर जाते, मूळपेक्षा २० मिमी बाहेर. दिसायला झकास. मागे तीन माणसं बसली आणि स्पीडब्रेकर आला की टायर फेंडरच्या पत्र्याला घासतो, आणि बेअरिंगवरचा ताण कायमचा वाढतो तो वेगळाच.

कागद-पेन घेऊन ही चार ओळींची बेरीज-वजाबाकी दुकानात उभ्या उभ्या करता येते. 'बसेल हो साहेब, खूप गाड्यांना लावली' हे वाक्य या गणितात कुठेही येत नाही.

ब्रेकचं एक पाहायचं. एफ३०चं डिझेल मॉडेल असलेल्या साध्या ३२०डीचे ब्रेक छोटे, त्यांवर १६ इंची चाकसुद्धा बसतं. पण गाडीला एम स्पोर्ट या पॅकेजचे निळे, चार पिस्टनचे कॅलिपर (डिस्क आवळून धरणारा ब्रेकचा भाग) आणि पुढे ३४० मिमीची डिस्क असेल, तर १७ इंचीची बरीच डिझाइन्स कॅलिपरला आतून भिडतात. इथे ईटीचं गणित उपयोगाचं नाही, स्पोक आत किती फुगलाय त्यावर सगळं ठरतं. एक चाक टायर न चढवता हबवर लावून हाताने पूर्ण फिरवून बघायचं. कॅलिपर आणि स्पोकमध्ये तीन-चार मिलिमीटर मोकळे हवेत. चिकटवायची बॅलन्सिंग वजनं आतून कुठे लागणार आहेत तेही त्याच वेळी बघून ठेवावं. वजन कॅलिपरला घासून उडालेली उदाहरणं कमी नाहीत.

साइज किती इंची घ्यायची यावर आमचं मत सरळ आहे: एक इंच वर जायच्या ऐवजी एक इंच खाली या. टायरवर २२५/५० आर १७ लिहिलेलं असतं तेव्हा बाजूच्या भिंतीची उंची २२५ मिमी रुंदीच्या ५० टक्के, म्हणजे ११२.५ मिमी. २२५/४५ आर १८ला ती १०१ मिमी. २२५/४० आर १९ला ९०. बाहेरचा एकूण व्यास तिन्हींचा जवळपास तोच: ६५६.८, ६५९.७ आणि ६६२.६ मिमी. त्यामुळे स्पीडोमीटरला फरक पडत नाही, फेंडरमधली जागाही तेवढीच भरते. बदलतं ते खड्डा आणि धातू यांच्यामधलं रबर. १७वरून १९वर गेलात की ते २२ मिमीने कमी झालं. पाणी साचलेल्या, खोली न कळणाऱ्या खड्ड्यात रिम वाचतं की वाकतं ते या २२ मिमीवर ठरतं. १९ इंची चाकं फोटोत छान दिसतात हे मान्य.

त्यात मूळ टायर रनफ्लॅट असतात. त्यांची भिंत हवा गेल्यावरही गाडी पेलावी म्हणून कडक केलेली असते, तो कडकपणा खड्ड्याचा घाव सरळ रिमकडे पोहोचवतो. रनफ्लॅटच ठेवायचे असतील तर चाकाच्या आतल्या बाजूला ईएच२ किंवा ईएच२+ अशी खूण शोधा. टायरची कड जागेवर धरून ठेवणारा उंचवटा त्यात वाढवलेला असतो. बाजारातल्या बहुतेक चाकांवर नुसतं एच२ असतं, ते साध्या ट्यूबलेस टायरसाठी. साधे टायर घेतलेत तर गाडी मऊ चालेल, पण मग डिकीत स्टेपनी किंवा निदान पंक्चर किट आणि छोटा कॉम्प्रेसर हवाच.

चाक किती वजन पेलतं हे विचारणारा गिऱ्हाईक क्वचित भेटतो. दाराच्या खांबावरच्या पट्टीवर मागच्या ॲक्सलचं कमाल वजन दिलेलं असतं. त्याचे निम्मे करा. समजा ११६० किलो असेल, तर एका चाकावर ५८०. नव्या चाकाच्या स्पोकमागे 'मॅक्स लोड' म्हणून ओतलेला आकडा याच्या बराच वर हवा, ६५०-६९० असेल तर निर्धास्त. आकडा ओतलेलाच नसेल तर चाक परत ठेवा. सोबत जपानी जेडब्ल्यूएल आणि व्हीआयए किंवा आपल्याकडचा आयएसआयचा शिक्का बघा. जेडब्ल्यूएल ही खूण कंपनी स्वतः लावते, व्हीआयएची नोंद बाहेरच्या तपासणीनंतर होते. म्हणून दोन्ही असतील तर बरं. हे शिक्केही खोटे पाडतात, तेव्हा ते पुरावा नाहीत, पण नसणं हा पुरावा आहे.

बनावटीचे ढोबळ तीन प्रकार. साधं ओतीव, ओतून मग बाहेरची पट्टी गरम असताना रोलरने ताणलेलं म्हणजे फ्लो फॉर्म्ड, आणि ठोकून घडवलेलं फोर्ज्ड. ओतीव चाक जोरात आपटलं की तडकतं, फोर्ज्ड बहुधा वाकतं. फोर्ज्डची किंमत ऐकून बरेचजण गप्प होतात. फ्लो फॉर्म्डमध्ये मार खाणारी पट्टीच दाट आणि मजबूत झालेली असते, वजनही उतरतं. त्यामुळे नवी घ्यायची तर पैशाच्या मानाने तीच योग्य. मात्र स्टिकरवर 'फ्लो फॉर्म्ड' छापायला काही लागत नाही. सारख्या मापाचं ओतीव चाक शेजारी ठेवून दोन्ही वजनकाट्यावर टाका. वजन जर तेवढंच भरलं तर पैसे स्टिकरचे मागतायत.

जुनी ओरिजिनल चाकं घेणं हा उत्तम पर्याय आहे, आणि कुर्ल्याच्या सीएसटी रोडवर किंवा पुण्यात नाना पेठेत विचारत गेलं तर सापडतात. ओरिजिनल ओळखायची स्पोकच्या मागून: सात आकडी पार्ट नंबर, माप, आणि ऑफसेटच्या जागी ईटीऐवजी आयएस ही अक्षरं. म्हणजे ८ जे × १८, ईएच२+, आयएस ३४ अशी ओळ. नकली चाकांवर बहुधा ईटी असतं. चारही चाकांचा नंबर जुळतो का तेही वाचा, कारण मागची चाकं ८.५ जे, आयएस ४७ आणि २५५/४० टायरची असू शकतात. अशा जोडीत पुढची-मागची चाकं अदलून-बदलून लावता येत नाहीत, आणि मागचे टायर आधी संपतात.

चाक पसंत पडलं की पैसे देण्याआधी टायर उतरवून बॅलन्सिंग मशीनवर नुसतं फिरवायला सांगा. कडेजवळ पेन स्थिर धरा, आधी बाहेरच्या, मग आतल्या. पेन आणि कड यांच्यातली फट फिरताना लहान-मोठी होत असेल तर चाकाला बेंड आहे. डायल गेज, म्हणजे सुईवर बारीक माप दाखवणारं यंत्र असेल, तर एक मिलिमीटरच्या वर बेंड असलेलं चाक घेऊ नये.

भेगेसाठी जुनी युक्ती अजून चालते. चाकाची आतली बाजू काळ्या पावडरीसकट धुऊन कोरडी करायची, संशयाच्या जागी रंग खरवडायचा, रॉकेल चोळायचं, दहा-पंधरा मिनिटं थांबायचं. मग फडक्याने पूर्ण पुसून वर खडूची पूड घासायची. भेग असेल तर आत मुरलेलं रॉकेल वर येतं आणि पांढऱ्यावर केसाएवढी काळपट रेघ उमटते. रॉकेल आता सहज मिळत नाही, मग डाय पेनेट्रंटचे स्प्रे वापरा, लाल रंग आणि पांढरा डेव्हलपर. तत्त्व तेच.

वेल्डिंग केलेलं चाक कितीही स्वस्त असलं तरी नको. या मिश्रधातूची ताकद कारखान्यातल्या उष्णतेच्या प्रक्रियेतून येते, वेल्डिंगने त्या जागेभोवतीची ती निघून जाते. पुढची भेग बऱ्याचदा वेल्डच्या शेजारीच पडते. रंगाखाली वेल्ड लपलेलं असतं, बोट फिरवल्यावर आतल्या पट्टीवर उंचवटा किंवा ग्राइंडरचा सपाट डाग लागतो.

कोकणात, मुंबईच्या किनाऱ्यालगत किंवा गोव्यात राहणाऱ्यांनी डायमंड कट, म्हणजे चकचकीत कातलेल्या तोंडाची चाकं टाळावीत. लॅकरवर, म्हणजे वरच्या पारदर्शक थरावर, एक ओरखडा पडला की खारी हवा आत शिरते आणि त्याखाली पांढऱ्या अळीसारख्या रेघा पसरत जातात. पुन्हा लेथवर कातता येतं, पण दर वेळी धातू कमी होतो. पूर्ण रंगवलेलं, पावडर कोट केलेलं चाक तिथे जास्त टिकतं.

बसवताना हबची सपाटी तारेच्या ब्रशने घासून गंज काढा, नाहीतर चाक तिरपं बसतं. एफ३०चे बोल्ट १४ मिमीचे, आट्यांतलं अंतर १.२५ मिमी, चाकावर टेकणारा डोक्याखालचा भाग ६० अंशांच्या शंकूचा. मर्सिडीज-ऑडीच्या बोल्टांचा तो भाग गोल असतो, ते इथे चालत नाहीत. बोल्ट आधी हाताने फिरवा आणि आटे मोजा, किमान अकरा फेरे आत जायला हवेत. स्पेसरसोबत (हब आणि चाक यांच्यामध्ये टाकायची चकती) आलेले जास्त लांब बोल्टही घातक, मागच्या चाकात ते आतल्या हँडब्रेकच्या शूजपर्यंत पोहोचतात. आट्यांना ग्रीस लावू नका. एक सोडून एक अशा ताऱ्याच्या क्रमाने, टॉर्क रेंचने, म्हणजे किती जोराने आवळलं ते मोजणाऱ्या पान्याने, १४० न्यूटन मीटर. हवेची गन फक्त काढायला. शंभर किलोमीटर झाल्यावर रेंच पुन्हा लावून बघायचा.

मूळ चाकांत प्रेशर सेन्सर होते का ते आयड्राइव्हमध्ये, म्हणजे गाडीच्या स्क्रीनवरच्या मेनूत, दिसतं. प्रत्येक चाकाचा वेगळा आकडा येत असेल तर सेन्सर आहेत आणि ते नव्या चाकांत हलवायचे. नुसता रीसेटचा पर्याय असेल तर तेवढाच करायचा.

नव्या चाकांसाठी वेगळे बोल्ट घ्यावे लागले असतील तर जुन्यांपैकी पाच पिशवीत घालून डिकीत ठेवा. स्टेपनीला मूळ बोल्टच लागतात, आणि रात्री खंबाटकी घाटात नवे बोल्ट तिला बसत नाहीत.