मागताक्षणी

अमेरिकेत आलो तेव्हा माझ्या डोक्यावर एका पैशाचं कर्ज नव्हतं. आमच्या घरी ही चारचौघांत सांगायची गोष्ट होती, म्हणून बँकेतल्या बाईंनाही मी ती जरा ऐटीतच सांगितली. त्यांनी स्क्रीनकडे पाहिलं, मग माझ्याकडे, आणि म्हणाल्या की अडचण नेमकी तीच आहे. कधी उधार घेतलेलंच नाही, तर तुम्ही फेडता की बुडवता हे आम्हाला कळणार कसं? शेवटी माझेच तीनशे डॉलर त्यांच्याकडे अनामत ठेवले, तेव्हा तीनशे डॉलरचं कार्ड मिळालं.

त्या दिवसांत दुपारचा डबा झाला की मी जुन्या फिलाडेल्फियात पाय मोकळे करायला जायचो. पाचव्या रस्त्यावरच्या दफनभूमीत बेंजामिन फ्रँकलिनची कबर आहे. लोक तिच्यावर पेनी टाकतात, काटकसरीच्या उपदेशाची परतफेड म्हणून असेल. तिथून थोडं पुढे क्राइस्ट चर्चच्या आवारात जेम्स विल्सन आहे. त्याच्याकडे कुणी फिरकत नाही. खरं तर पैशांची गरज होती ती याला.

हा स्कॉटलंडचा. तेविशीच्या आसपास इथे आला, जॉन डिकिन्सनच्या हाताखाली वकिली शिकला आणि बघता बघता पेनसिल्व्हेनियातला नामांकित वकील झाला. चित्रांत डोळ्यांवर जाड भिंगांचा चष्मा. 1776 चा स्वातंत्र्याचा जाहीरनामा आणि 1787 ची राज्यघटना, दोन्हींवर सही असलेली माणसं अवघी सहा. त्यांतला हा एक. घटना परिषदेत गव्हर्नर मॉरिस (गव्हर्नर हे नाव, हुद्दा नव्हे) सोडला तर याच्याइतकं कुणी बोललं नाही. राष्ट्राध्यक्ष एकच असावा आणि तो लोकांनी थेट निवडावा, असं हा म्हणत होता. पहिलं ऐकलं, दुसरं नाही. राज्यांचे प्रतिनिधी ठरवायच्या लोकसंख्येत गुलामांना तीन-पंचमांश मोजण्याची तडजोड मांडणाऱ्यांतही हाच होता, हेही सांगायला हवं. ‘लोक, लोक’ करणाऱ्या या माणसाच्या तिसऱ्या आणि वॉलनट रस्त्यांच्या कोपऱ्यावरच्या घरावर 1779 साली लोकच बंदुका घेऊन चालून गेले होते. महागाईने माणसं पिसाळली होती, त्यात याने इंग्रजधार्जिण्यांची वकीलपत्रं घेतलेली. दोन्हीकडची माणसं मेली. तो कोपरा ओलांडताना मी अजूनही वर खिडक्यांकडे बघतो. ते घर आता नाही.

1789 मध्ये तो सर्वोच्च न्यायालयाच्या पहिल्या न्यायाधीशांपैकी एक झाला. 1793 चा त्याचा एक निकाल मला फार आवडतो. स्वातंत्र्ययुद्धात जॉर्जिया राज्याला माल पुरवणारा एक व्यापारी वारला, पैसे मिळालेच नाहीत. मृत्युपत्राची व्यवस्था बघणाऱ्या चिझमने राज्यावर दावा लावला. जॉर्जियाने कोर्टात यायचंच नाकारलं. आम्ही सार्वभौम, आमच्यावर कसला दावा? विल्सनचं म्हणणं असं की, स्वतंत्र माणूस आपल्या देण्याबद्दल कोर्टात जबाब देतो, त्यात त्याची अब्रू जात नाही. मग अशा माणसांनी मिळून बनलेल्या राज्याची कशी जाईल? चार विरुद्ध एक. एकटे विरोधात गेले ते नॉर्थ कॅरोलिनातल्या ईडन्टनचे जेम्स आयर्डेल. दोनच वर्षांत घटनादुरुस्ती करून राज्यांनी तो निकाल फिरवला, हा भाग निराळा.

हे लिहिणारा तोवर स्वतः गळ्यापर्यंत बुडत आला होता. जमिनींचा नाद. पेनसिल्व्हेनियात घे, न्यूयॉर्कात घे, जॉर्जियात घे; आज या सावकाराकडून, उद्या त्या, याची टोपी त्याच्या डोक्यावर. 1796-97 मध्ये बाजार बसला आणि सगळे रोखे एकदम दारात आले. न्यू जर्सीतल्या बर्लिंग्टनमध्ये न्यायाधीशमहाराजांनाच कर्जापायी कोठडीत टाकलं. मुलाने पैसे भरून सोडवलं. मग दक्षिणेकडे पळ. तिथे पुन्हा अटक, आणि ती करवणारा घेणेकरी कोण, तर पियर्स बटलर, घटनेवर त्याच्यासोबत सही केलेला! जबाब देण्यात अब्रू जात नाही म्हणणारा माणूस तोंड चुकवत फिरत होता. पण त्याने राजीनामा दिला नाही. मला यात निर्लज्जपणा दिसत नाही, हिशेब दिसतो: पगार तेवढा एकच चालू होता.

शेवटी लपला तो ईडन्टनमध्ये, आयर्डेलच्या गावात. तिथल्या खाणावळीत हिवतापाने खंगला. सोबत दुसरी बायको हॅना, विशीतली पोर. 21 ऑगस्ट 1798 ला तो गेला. पुरलं तिथेच, 1906 मध्ये फिलाडेल्फियाला आठवण झाली आणि अवशेष इथे आणले.

त्याची खुर्ची मिळाली बुशरॉड वॉशिंग्टनला, जॉर्ज वॉशिंग्टनच्या पुतण्याला. हा बुशरॉड विल्सनकडेच वकिली शिकलेला. 1782 मध्ये काकांनी त्याला इथे ठेवलं तेव्हा फी ठरली शंभर गिनी. सेनापती असलेल्या काकांनी त्या जागी वचनचिठ्ठी लिहून दिली: मागताक्षणी देईन.