तीन जिंकले, चौदा हरले

तुम्ही विचारलंत म्हणून सांगते. फिलाडेल्फियाजवळ इतकी वर्षं राहून, गणपतीच्या जेवणावळीत म्हणा, देशातून आलेल्या पाहुण्यांशी गप्पा मारताना म्हणा, हा प्रश्न मला हटकून येतो: "अमेरिकन फुटबॉल एवढा बघता, तर आवडता खेळाडू कोण?" मी डग पीडरसन म्हणते. ज्यांना हा खेळ माहीत नाही ते मान डोलावतात. ज्यांना माहीत आहे ते हसतात. "अहो, तो कोच. खेळाडू म्हणून काय दिवे लावले त्यानं?" आणि त्याला जोडून दुसरा प्रश्न: "स्वतः धड न खेळलेला माणूस दुसऱ्याला काय शिकवणार?"

दिवे किती लावले ते आधी सांगून टाकते. एनएफएलमध्ये, म्हणजे इथल्या मुख्य व्यावसायिक स्पर्धेत, पीडरसननं क्वार्टरबॅक म्हणून, म्हणजे पास फेकून आक्रमण चालवणारा खेळाडू म्हणून, सतरा सामन्यांची सुरुवात केली. त्यातले तीन जिंकले, चौदा हरले. टचडाउनचे, म्हणजे थेट गुण मिळवून देणारे पास १२, आणि प्रतिस्पर्ध्याच्या हातात गेलेले पास १९. त्याच्या तरुणपणी निवड समित्यांनी त्याला ओळखलं नाही वगैरे जे लिहिलं जातं ते मला पटत नाही. त्यांनी बरोबर ओळखलं होतं.

त्या निवडीला ड्राफ्ट म्हणतात. कॉलेजातून बाहेर पडणारी पोरं ओळीनं उभी आणि संघ आळीपाळीनं एकेक उचलणार. आता सातच फेऱ्या असतात, १९९१ मध्ये बारा होत्या. त्या वर्षी ३३४ जणांना बोलावणं आलं. तेहेतिसावं नाव ब्रेट फार्व. हे नाव लक्षात ठेवा, पुढे लागेल. पीडरसनचं नाव बाराही फेऱ्यांत आलं नाही. वॉशिंग्टन राज्याच्या उत्तर टोकाचा मुलगा, शिकायला थेट लुइझियानात, मन्रोच्या नॉर्थईस्ट लुइझियाना विद्यापीठात. तिथं त्यानं एका सामन्यात ६१९ यार्डांचे पास फेकले होते. पण लहान कॉलेजातल्या आकड्यांना ड्राफ्टच्या बाजारात फारसा भाव नसतो.

अनड्राफ्टेड राहिलेल्या मुलाला कोणत्याही संघाशी करार करता येतो. ऐकायला हे स्वातंत्र्य वाटतं. प्रत्यक्षात करार कागदापुरता. आजच्या हिशेबानं शिबिरात नव्वद जण असतात आणि हंगाम सुरू व्हायच्या आत त्रेपन्न उरतात. ज्यांच्यावर पहिल्या फेऱ्या खर्च झाल्या त्यांना चुका करायला वेळ मिळतो, कारण त्यांना काढलं तर निवडणाऱ्याचं हसं होतं. अनड्राफ्टेड मुलाला काढलं तर कुणाचंच काही बिघडत नाही. सकाळी एक माणूस येऊन सांगतो, "कोच बोलावताहेत. प्लेबुक घेऊन ये." प्लेबुक म्हणजे संघाच्या ठरलेल्या चालींची, डावांची वही. ती परत मागितली की समजायचं, सामान आवरा.

पीडरसननं हे वाक्य किती वेळा ऐकलं असेल देव जाणे. मायामी डॉल्फिन्सनं घेतलं, काढलं, पुन्हा घेतलं, पुन्हा काढलं. मधल्या काळात तो वर्ल्ड लीग नावाच्या दुसऱ्या स्पर्धेत न्यूयॉर्क-न्यूजर्सी नाइट्सकडून खेळून आला. १९९३ मध्ये मायामीचा मुख्य क्वार्टरबॅक डॅन मरिनो जायबंदी झाला, त्याच्या जागी आलेला स्कॉट मिचेलही एका सामन्यात मध्येच खांदा धरून बाहेर गेला आणि तिसरा म्हणून पीडरसन मैदानात उतरला. तो सामना डॉल्फिन्सनी १९-१४ असा जिंकला. कोच डॉन शूलांचा तो ३२५वा विजय, म्हणजे जॉर्ज हॅलस यांचा विक्रम मोडणारा. दिवस १४ नोव्हेंबर १९९३, मैदान आमच्या फिलाडेल्फियाचं व्हेटरन्स स्टेडियम. विक्रम शूलांच्या नावावर, आणि त्या दिवशी शेवटी चेंडू कोणाच्या हातात होता ते फक्त माझ्यासारख्या रिकामटेकड्यांना ठाऊक.

मग ग्रीन बेचा संघ. तिथला मुख्य क्वार्टरबॅक तोच तेहेतिसावा, ब्रेट फार्व. आणि फार्वची ख्याती अशी की तो सामना चुकवतच नसे. हाड मोडो, ताप येवो, खेळणारच. अशा माणसाचा बॅकअप, राखीव क्वार्टरबॅक, म्हणजे पगारी प्रेक्षक, असं लोकांना वाटतं. मला मुद्दा सांगायचाय तो इथलाच.

क्रिकेटच्या बाराव्या खेळाडूसारखं हे काम नव्हे. बॅकअपला मुख्य क्वार्टरबॅकइतकाच अभ्यास करावा लागतो, कारण पुढच्या मिनिटाला त्याला जावं लागू शकतं. पण सरावात आपल्या संघाचे डाव चालवायची संधी त्याला नावापुरती मिळते. उरलेला वेळ तो येत्या रविवारच्या प्रतिस्पर्ध्याची नक्कल करतो, म्हणजे आपल्या बचावफळीला सराव व्हावा. आठवडाभर दुसऱ्याच कोचच्या डोक्यातून खेळ चालवायचा. रविवारी साइडलाइनवर डावांचा तक्ता हातात घेऊन उभं राहायचं, बचाव कसा मांडलाय ते टिपायचं, मुख्य खेळाडू बाहेर आला की त्याला ते चार वाक्यांत सांगायचं; पाच सांगितली तर तो ऐकत नाही. आता मला सांगा, यातलं कोचचं नसलेलं काम कोणतं?

शिवाय ग्रीन बेच्या दुसऱ्या खेपेला, २००१ नंतर, गोलपोस्टच्या खांबांमधून गुणांसाठी मारतात त्या किकसाठी तो चेंडू धरायचा. हे काम टीव्हीवर कुणी बघतच नाही, म्हणून जरा सांगते. सात-आठ यार्ड मागे एका गुडघ्यावर बसायचं. चेंडू गरगरत हातात येतो. तो टोकावर उभा करायचा, वर एकच बोट, आणि त्याच वेळी फिरवून त्याची शिवण गोलपोस्टकडे करायची, कारण शिवणीवर पाय बसला तर चेंडू भरकटतो. हे सगळं सव्वा-दीड सेकंदात, समोरून दीडशे-दीडशे किलोची माणसं अंगावर येत असताना. किक गेली तर नाव किकरचं. चुकली तर रीप्लेमध्ये आधी शिवण बघतात.

१९९७च्या जानेवारीत ग्रीन बेनं सुपर बोल, म्हणजे हंगामाचा अंतिम सामना, जिंकला तेव्हा पीडरसन तिसऱ्या क्रमांकावर होता, फार्व आणि जिम मॅकमहॉन यांच्या मागे. विजेत्यांची अंगठी मिळाली, मैदानात पाऊल नाही. त्या संघाच्या कोचमंडळींत एक अँडी रीड नावाचे गृहस्थ होते. १९९९ मध्ये रीड फिलाडेल्फिया ईगल्सचे हेडकोच झाले आणि येताना पीडरसनला घेऊन आले.

आम्ही तेव्हा इकडे नवेच होतो. संघानं ड्राफ्टमध्ये दुसऱ्या क्रमांकावर डोनोव्हन मॅकनॅबला घेतलं होतं, आणि तो तयार होईपर्यंत पीडरसननं खेळायचं, असं उघड ठरलेलं. म्हणजे आपली जागा घेणाऱ्याला आपणच शिकवायचं, आणि तोवर पासष्ट हजार लोकांच्या शिव्या खायच्या. फिलाडेल्फियाच्या लोकांनी या दुसऱ्या कलमात काही कसर सोडली नाही. पीडरसन नऊ सामने खेळला, दोन जिंकला. मग मॅकनॅबनं पहिल्यांदा सुरुवात केली ती तारीख १४ नोव्हेंबर १९९९. सहा वर्षांपूर्वीचीच तारीख, तेच मैदान. तो पुढची अकरा वर्षं ईगल्सकडे राहिला. पीडरसन क्लीव्हलँडला जाऊन आणखी आठ सामने खेळला, एक जिंकला, आणि मग पुन्हा ग्रीन बेला फार्वच्या मागे.

२००५ मध्ये खेळणं संपलं तेव्हा तो लुइझियानातल्या श्रीव्हपोर्टला एका शाळेचा कोच झाला. कॅल्व्हरी बॅप्टिस्ट अकॅडमी, चार हंगाम. हे ऐकून आमच्या पार्ल्याच्या मामांनी लगेच आचरेकर सरांचं नाव काढलं: सर प्रथम श्रेणीचा एकच सामना खेळले, पण शिवाजी पार्कवर काय घडवलं बघा. खरंय, पण मामा, सरांची गोष्ट वेगळी. त्यांनी आयुष्य शाळकरी पोरांना वाहिलं. पीडरसनसाठी ती चार वर्षं मधला मुक्काम होता. फक्त बिनमहत्त्वाचा नव्हे. एनएफएलच्या प्लेबुकातली भाषा पंधरा वर्षांच्या मुलाला कळत नाही, आणि त्याला शाळा सुटल्यावरचे दोन तास मिळतात. मग चाळीस डाव कोणते टाकायचे आणि दहा कोणते ठेवायचे, हे ठरवावंच लागतं.

२००९ मध्ये रीडनी त्याला परत बोलावलं, कोचमंडळींतल्या सर्वांत खालच्या पायरीवर. व्हिडिओ बघून नोंदी करणं, आकडे काढणं. दोन वर्षांनी क्वार्टरबॅक कोच, मग रीडबरोबर कॅन्सस सिटी, आणि २०१६च्या जानेवारीत ईगल्सचा हेडकोच. गावात नाराजी पसरली. रीडचा शागीर्द, बाकी काय? दुसऱ्या हंगामाच्या तोंडावर एका माजी व्यवस्थापकानं तर लिहिलं की इतका अपात्र कोच आपण पाहिलेला नाही.

त्याच हंगामात, १० डिसेंबर २०१७ ला, संघाचा तारा कार्सन वेंट्झ गुडघा फाटून बाहेर गेला. बॅकअप निक फोल्स. पुढचे सामने असे रडतखडत झाले की आमच्या घरात टीव्ही बंद करण्यापर्यंत गोष्ट गेली. डॅलसविरुद्ध तर शून्य गुण. अशा वेळी बहुतेक कोच काय करतात, तर मुख्य खेळाडूसाठी शिवलेला अंगरखा बॅकअपला घालतात आणि तो ढगळ होतो म्हणून त्यालाच बोलतात. पीडरसन आणि त्याचे सहकारी फोल्सचे जुने व्हिडिओ काढून बसले, विशेषतः २०१३च्या हंगामाचे, ज्यात त्यानं २७ टचडाउन फेकले होते आणि फक्त दोन पास गमावले होते. हा माणूस तेव्हा कोणत्या डावांत सुखी होता ते पाहिलं, आणि तेच डाव पुढे आणले. उपांत्य लढतीत मिनेसोटाचा ३८-७ असा फडशा पडला. पहिल्या क्रमांकाच्या खेळाडूला हे सुचलं नसतं असं मी म्हणत नाही. पण बॅकअपला आठवडाभर स्वतःचे डाव खेळायला मिळत नाहीत, हे या कोचला कुणी सांगावं लागलं नाही.

४ फेब्रुवारी २०१८, मिनियापोलिस, समोर टॉम ब्रेडीचा न्यू इंग्लंड पेट्रियट्स. पूर्वार्ध संपायला ३८ सेकंद, ईगल्स १५-१२ पुढे, एण्ड झोन, म्हणजे जिथं पोचलं की टचडाउन, एक यार्डावर, आणि चारांतला शेवटचा प्रयत्न; फसला तर चेंडू प्रतिस्पर्ध्याकडे. शहाण्यानं किक मारून तीन गुण घ्यावेत. फोल्स साइडलाइनवर येऊन एका फसव्या डावाचं नाव घेऊन विचारतो, "फिली फिली?" पीडरसन क्षणभर थांबतो आणि म्हणतो, चला, करू. डाव सुरू होताना मागे येणारा चेंडू थेट कोरी क्लेमेंटकडे, त्यानं ट्रे बर्टनकडे सोपवला, आणि बर्टननं फेकला तो एण्ड झोनमध्ये एकट्या उभ्या फोल्सकडे. क्वार्टरबॅकनंच झेललेला टचडाउन. आता गंमत बघा: क्लेमेंट २०१७चा अनड्राफ्टेड, बर्टन २०१४चा अनड्राफ्टेड, झेलणारा बॅकअप, आणि हो म्हणणारा १९९१चा अनड्राफ्टेड. त्या संभाषणाचा पुतळाच स्टेडियमबाहेर उभा आहे, डोक्यावर व्हायझर, हातात डावांचा तक्ता. पाहुणे आले की आम्ही लिबर्टी बेल दाखवतो आणि मग हा.

सगळे या डावाचं कौतुक करतात. मला विचाराल तर त्याहून मोठा निर्णय चौथ्या सत्रातला. साडेपाच मिनिटं उरलेली, ईगल्स ३३-३२ मागे, चेंडू आपल्याच अर्ध्यात आणि पुन्हा शेवटचा प्रयत्न. फसलं असतं तर ब्रेडीला मध्यावर चेंडू, म्हणजे खेळ खलास. पूर्वार्धात फसलं असतं तर लोक हळहळले असते. इथं फसलं असतं तर त्याला शहरात राहू दिलं नसतं. त्यानं किक मारून चेंडू लांब धाडून दिला नाही. झॅक अर्ट्झला दोन यार्डांचा साधा पास, गरज होती एकाची. पुढे त्याच अर्ट्झचा टचडाउन आणि ४१-३३. खेळाडू म्हणून आणि हेडकोच म्हणूनही सुपर बोल जिंकणारे त्याच्यासह चारच जण झाले. त्यातला टोनी डंगीही अनड्राफ्टेडच.

पुढचं थोडक्यात, कारण ते मला सांगायला आवडत नाही. २०२० मध्ये संघानं ४ जिंकले, ११ हरले, एक बरोबरीत, आणि सुपर बोल आणून देणाऱ्या कोचला तीन वर्षांच्या आत नारळ मिळाला. शेवटच्या सामन्यात त्यानं मधूनच तिसऱ्या क्रमांकाचा क्वार्टरबॅक उतरवला; मुद्दाम हरायला उतरवला असा आरोप झाला, आणि तो सामना बघताना मलाही उत्तर सुचलं नाही. नंतर जॅक्सनव्हिलमध्ये पहिल्याच वर्षी प्लेऑफमध्ये, म्हणजे बाद फेरीत, ०-२७ मागे असताना त्याच्या संघानं ३१-३० असा सामना काढला. तिसऱ्या वर्षी फक्त चार विजय, आणि २०२५च्या जानेवारीत तिथूनही रजा.

पुढच्याच महिन्यात ईगल्सनी पुन्हा सुपर बोल जिंकला, न्यू ऑर्लिन्सच्या त्याच सुपरडोममध्ये, जिथं पीडरसनला पहिली अंगठी मिळाली होती. आक्रमणाचे डाव आखणारा होता केलन मूर: कॉलेजात पन्नास विजय, तीन पराभव, तरी २०१२ मध्ये अनड्राफ्टेड, एनएफएलमध्ये बहुतेक काळ बाकावर. लगेच न्यू ऑर्लिन्सच्या सेंट्सनी त्याला हेडकोच केलं. मग तो आवडतो का, असं आता विचारू नका. त्याला कोच म्हणून पहिली नोकरी आमच्या हाडवैरी डॅलस काउबॉइजनी दिली, आणि फिलाडेल्फियात राहून तसं बोललं तर शेजारी बोलायचे बंद होतील.