विहिरीतला लाल पट्टा

मी भूजलाचं काम करते, म्हणजे विहीर कुठे खोदायची, किती खोल जायचं ते सांगायचं आणि पाणी नाही लागलं की लोकांचं ऐकून घ्यायचं. मे महिन्यात गुहागरकडच्या एका गावातून फोन, "मॅडम, विहिरीत रक्तासारखं कायतरी लागलंय, गडी खाली उतरत नाहीत." जाऊन बघते तर वर जांभा, त्याखाली शेडी म्हणजे चिकट माती, मग काळा कातळ आणि कातळाच्या मधोमध वीतभर जाडीचा लालभडक पट्टा, नखाने खरवडला तरी सुटणारा.

गड्यांना काठावर बसवलं आणि म्हटलं, हा कातळ म्हणजे थिजलेला लाव्हा, साधारण 6 कोटी 60 लाख वर्षांच्या आगेमागे भेगांतून थरावर थर आला. एक थर गार झाला की मध्ये बराच काळ शांत, तेवढ्यात वरच्या दगडाची माती झाली, मग पुढचा लाव्हा आला तो तिला विटेसारखी भाजूनच गेला.

"मग डायनासोर ह्याच्यातच मेले काय?" एका पोराने विचारलं.

शाळेत आपण एकच शिकतो, उल्का पडली, खेळ खलास. पडली खरीच, मेक्सिकोत तिचं जवळपास 180 किमी रुंद विवर आहे, धुरळ्याने ऊन अडलं, झाडं गेली, आणि पृथ्वीवरच्या सुमारे पाऊणपट जाती गेल्या. पण आपला हा कातळही संशयितांत आहेच की! एवढ्या लाव्ह्यासोबत सल्फरचे वायू आले तर गारठा, कार्बन डायऑक्साइडने उलट तापमान वाढतं. बहुतेक शास्त्रज्ञ मुख्य दोष उल्केलाच देतात, आपल्या लाव्ह्याने किती हात दिला यावर अजून भांडतात, कारण काही थर उल्केच्या आधीचे, काही नंतरचे. आणि लाव्हा एकटा काय करतो ते बघायचं तर सैबेरिया, 25 कोटी 20 लाख वर्षांपूर्वी तिथला लाव्हा कोळशाच्या थरांत घुसला आणि समुद्रातल्या दहापैकी जवळपास नऊ जाती संपल्या, उल्केची गरजच पडली नसावी.

घरमालकीण काकू मागे उभ्या. "ते सगळं खरं गो, पण पाणी?"

पट्ट्याच्या वरच्या कडेला ओल दिसत होती, भाजलेल्या मातीतून पाणी सहसा खाली उतरत नाही म्हणून वरच साचतं. म्हटलं, इथे आडवं थोडं फोडा. संध्याकाळी झिरपा सुरू झाला, बारीकच, पण झाला.

निघताना बघितलं तर काकू लाल ढेकूळ पाण्यात कालवून तुळशीवृंदावनाच्या कठड्याला लावून बघत होत्या. "गेरूपेक्षा बरा बसतोय हो रंग," म्हणाल्या, आणि गड्याला अजून एक टोपलं वर पाठवायला सांगितलं.