जागल, चेलो आणि दहा मिनिटं

हरभऱ्याला घाटे धरले की आमच्याकडे रात्रीची जागल सुरू होते. डुकरांचा एक कळप शिरला तरी सकाळी अर्धं वावर उलथलेलं दिसतं, म्हणून मी आणि बाबा मचाणावर असतो, खाली शेकोटी, हातात टॉर्च. मोबाईल असतोच. आणि गेल्या दोन हिवाळ्यांत मला जो नाद लागलाय तो म्हणजे वेस्टर्न क्लासिकलमधले छोटे पीस, म्हणजे पुढे एकटं व्हायोलिन किंवा चेलो (व्हायोलिनसारखंच, पण मोठं आणि खालच्या सुरांचं), मागे अख्खा ऑर्केस्ट्रा, आणि सगळं आठ-दहा मिनिटांत संपतं.

कन्चर्टो, म्हणजे अशाच जोडीचे मोठे पीस, तेही ऐकले मी, वाईट अजिबात नाहीत, पण ते अर्धा-अर्धा तास चालतात आणि मधेच डुकरं हाकलायला उठलो की धागा तुटतो तो तुटतोच. छोट्या पीसमध्येही काही हात दाखवायलाच लिहिलेले असतात, सां-सांसचा रोंडो कॅप्रिचिओसो तसा आहे, 1863 चा, सारासातेसारख्या नावाजलेल्या व्हायोलिन वाजवणाऱ्यासाठी लिहिलेला, ऐकताना बोटं दिसायला लागतात. मला मात्र ते जास्त आवडतात ज्यात एकच गोष्ट सांगायची असते आणि ती सांगून झाली की थांबायचं.

बेथोव्हेनचे व्हायोलिनसाठी असे दोन रोमान्स आहेत, म्हणजे गाण्यासारखे संथ पीस. जी मेजरवाला, ओपस 40 (ओपस म्हणजे रचनेचा क्रमांक), सुरू होतो तेव्हा ऑर्केस्ट्रा एकदम गप्प, एकटं व्हायोलिन एका वेळी दोन-दोन तारांवर बो फिरवत चाल म्हणतं, एकच माणूस वाजवतोय हे पटत नाही, आणि मग तीच ओळ मागचे सगळे उचलतात. बाबा गावच्या भजनी मंडळात खंजेरी वाजवतात, त्यांनी कान देऊन ऐकलं आणि म्हणाले, "हे तं मागचे झील धरून रायले ना बे." मी इतके दिवस ऐकत होतो, मला हा शब्द सुचला नव्हता. दुसरा, एफ मेजरवाला ओपस 50, खरं तर आधीचा आहे, 1798 च्या आसपासचा, पण छापून आला 1805 मध्ये, म्हणून नंबर दोन. गोडवा त्यात जास्त आहे, पण मला पहिलाच लागतो.

आजी गेली त्या थंडीत ब्रुखचं 'कोल निद्राई' सापडलं. चेलो आणि ऑर्केस्ट्रा, 1880 चं. ज्यू लोकांचा योम किप्पूर नावाचा प्रायश्चित्ताचा दिवस असतो, त्याच्या आदल्या संध्याकाळी म्हणतात ती ही चाल, आणि ब्रुख स्वतः प्रोटेस्टंट ख्रिश्चन, तरी इतक्या मायेनं लिहिलं. चेलो येतो तो सरळ गात येत नाही, दोन-तीन सूर खाली उतरतात की थांबतो, परत दोन-तीन सूर, परत थांबतो, म्हातारं माणूस बोलताना दम घेतं ना तसं. पुढे हार्प येते आणि सगळं मायनरमधून मेजरमध्ये, म्हणजे उदास सुरांतून उजळ सुरांत जातं, तिथे मला दर वेळी भरून येतं. फोरेची 'एलेजी' पण त्याच दिवसांत ऐकली, तिच्यात पहिली ओळ चेलो मोठ्यानं म्हणतो आणि लगेच तीच ओळ अगदी हळू, जणू घरात कोणी झोपलंय.

आणि वॉन विल्यम्सचं 'द लार्क असेंडिंग'. लार्क म्हणजे आपला चंडोल. 1914 मध्ये लिहायला घेतलं, मधे महायुद्ध झालं, ऑर्केस्ट्रासोबत पहिल्यांदा वाजलं 1921 मध्ये. चालतं पंधरा मिनिटं, पण त्याला माझी हरकत नाही. सुरुवातीला मागची तारवाद्यं एक मऊ सूर धरून ठेवतात आणि त्यावर व्हायोलिन ताल सोडून वर-वर जातं, थोडं खाली, परत वर. शेवटी तर मागचे सगळे थांबतात, ते एकटंच उरतं.

परवा जागल संपवून धुऱ्यानं घरी येत होतो, दव इतकं की पँट गुडघ्यापर्यंत ओली, आणि शेजारच्या रिकाम्या वावरातून एक चंडोल उठला, जागच्या जागी फडफडत सरळ वर, गात-गात, ठिपका होईपर्यंत. बाबा पुढे चालत होते, ते थांबले, वर पाहिलं आणि म्हणाले, "तुह्या मोबाईलातला हाच होय का?" मी हो म्हटलं. तो खाली येईपर्यंत आम्ही दोघंही तिथंच उभे होतो.